चातुर्मासात मुलांना समुद्र कसा सांगायचा, ठाण्यात राहून

पहिली गोष्ट म्हणजे समुद्रमंथन एका बैठकीत सांगून मोकळं होऊ नका. मी पहिल्या वर्षी तेच केलं. आमची बिल्डिंग ठाणे पूर्वेला, कोपरी साइडला, रविवारी संध्याकाळी टेरेसवर आठ-नऊ पोरं गोळा केली आणि पाऊण तासात मंदार पर्वत, वासुकी, कासव, विष, चौदा रत्नं, मोहिनी, राहू सगळं उरकलं. पुढच्या रविवारी विचारलं काय आठवतंय, तर सगळ्यांना राहूचं मुंडकं आठवत होतं. समुद्राबद्दल एकालाही एक वाक्य सांगता आलं नाही. तेव्हा मला कळलं की मी समुद्राला मागचा पडदा करून टाकला होता, आणि आपल्या पुराणात तर तो चांगला बोलणारा, देणारा, रागावणारा, पोरंबाळं असलेला कोणीतरी आहे. मराठीत गोष्टीतल्या माणसाला पात्र म्हणतात, भांड्यालाही पात्र म्हणतात आणि नदी वाहते तेही पात्रच. समुद्र हे तिन्ही अर्थांनी पात्र आहे, हे धरून चाललं की पुढचं सोपं जातं.

दुसऱ्या वर्षी कॅलेंडर समोर घेऊन बसले तेव्हा लक्षात आलं की आषाढी एकादशीला विष्णू क्षीरसागरात शेषावर झोपतात आणि कार्तिकी एकादशीला उठतात, आणि मधल्या चार महिन्यांत जे सण येतात त्यातल्या बऱ्याच सणांच्या मागे समुद्र उभा आहे. म्हणजे चातुर्मासाचा टाइमटेबल आयता मिळाला, आपण फक्त त्या त्या दिवशी ती ती गोष्ट सांगायची. खाली लिहितेय ती पद्धत सहा ते बारा वर्षांच्या मुलांसाठी आहे, पण बरोबर बसलेले आजी-आजोबा पण ऐकतात आणि मधेमधे करेक्शन करतात, ते करू द्या.

सामान फार लागत नाही. भिंतीवरचं कालनिर्णय, मोबाईलवर भरती-ओहोटीचं वेळापत्रक, घरातला तांब्या, शंख असला तर शंख, ताक करायची लाकडी रवी, एक लांब दोरी. आणि सुरुवात करायच्या आधी एकदा पाणी दाखवून आणा. मुलं म्हणतात ही तर खाडी आहे, समुद्र कुठाय? तर एकाच दिवशी एकाच जागेवरून दोनदा बघायचं, भरतीला आणि ओहोटीला, मध्ये साधारण सहा तासांचं अंतर. विटाव्याकडून जाता येता बघा, कोपरीच्या बाजूने बघा, नवी मुंबईवाल्यांना वाशीचं सागर विहार किंवा ऐरोली सोयीचं. सकाळी जिथे पाणी होतं तिथे दुपारी नुसता चिखल आणि बगळे दिसले की मग सांगायचं, हे पाणी समुद्राचं आहे, तो रोज दोनदा आपल्याकडे येऊन जातो. पावसाळ्यात कठड्याच्या पुढे एकालाही सोडू नका, तो चिखल गुडघ्यापर्यंत ओढून घेतो.

आषाढी एकादशीला सांगायचं ते थोडंच. सात समुद्र कोणते ते: खारट पाण्याचा, उसाच्या रसाचा, मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि गोड्या पाण्याचा. विष्णुपुराणात ही यादी आहे. मुलं हसतात आणि पटकन पाठ करतात कारण सगळी खायची-प्यायची नावं आहेत. मग विचारतात दुधाचा समुद्र खरंच असतो का. मी सरळ सांगते की जहाजाने जाऊन सापडणार नाही, पण सगळं जग निर्माण व्हायच्या आधी आणि सगळं संपल्यावर काय असेल असा प्रश्न आपल्या लोकांना पडला आणि त्यांना डोळ्यासमोर एकच आलं, पाणी, आणि त्या पाण्यावर कोणीतरी शांत झोपलेलं. ज्या सापावर ते झोपलेत त्याचं नाव शेष, म्हणजे उरलेलं. सगळं गेल्यावर जे उरतं ते. एवढं पुरे, त्या दिवशी पुढे जाऊ नका, साबुदाण्याची खिचडी वाट बघत असते.

नारळी पौर्णिमेला मात्र वेळ काढा. इथे मुलांना दाखवण्यासारखी खरी गोष्ट अशी की पौर्णिमेला आणि अमावस्येला उधाणाची भरती असते, अष्टमीच्या आसपास भांगाची, म्हणजे पाणी कमी चढतं. वेळापत्रकात आकडे बघून मुलांना स्वतः ताडायला लावा. मग विचारा, पाणी जेव्हा सगळ्यात जास्त चढतं त्याच दिवशी नारळ का देतात? कारण शांत हो असं ज्याला सांगायचं त्याला तो जोरात असतानाच सांगायचं. जून-जुलैत यांत्रिक बोटींना मासेमारी बंद असते, माशांचा अंडी घालायचा काळ असतो, दर्या खवळलेला असतो, आणि श्रावणी पौर्णिमेला वरुणाची पूजा करून, होड्या रंगवून, सोनेरी कागदात मढवलेला नारळ वाहून मग कोळी बांधव पुन्हा पाण्यात उतरतात. पुराणात समुद्राचा सगळ्यात मोठा गुण सांगितलाय तो हाच, की तो मर्यादा सोडत नाही. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात सत्तराव्या श्लोकात स्थिर माणसाला हीच उपमा आहे, सगळ्या नद्या येऊन पडल्या तरी समुद्र आपली जागा सोडत नाही. चेंदणीला किंवा बेलापूरच्या दिवाळे कोळीवाड्यात मुलांना घेऊन गेलात तर आधी तिथल्या एखाद्या मावशींना किंवा काकांना विचारा, बाजूला उभे राहा, मिरवणुकीच्या मधे घुसून फोटो काढू नका. त्यांच्यासाठी तो रोजीरोटीचा देव आहे.

गोकुळाष्टमीला सगळे दहीहंडीच्या मूडमध्ये असतात, म्हणून छोट्या गोष्टी. कृष्णाने द्वारका वसवायला समुद्राकडे बारा योजनं जागा मागितली, समुद्राने मागे सरून दिली, आणि कृष्ण गेल्यावर परत घेतली. कोकणाबद्दल पण असंच सांगतात, परशुरामाने सगळी पृथ्वी दान केली मग स्वतःला राहायला जागा उरली नाही तेव्हा समुद्राने दिली, आणि महाभारतात त्या जागेचं नाव आहे शूर्पारक, म्हणजे आपलं नालासोपारा. हे ऐकल्यावर पोरांचे डोळे मोठे होतात, कारण नालासोपारा त्यांना लोकलच्या इंडिकेटरवरून माहीत असतं. नवी मुंबईच्या मुलांना तर विचारा की तुमच्या नोडच्या जागी आधी काय होतं, घरातलं कोणीतरी सांगेलच, खाडी, मिठागर, भातशेती. समुद्राकडून घेतलेली जागा ही उसनी असते हा द्वारकेचा अर्थ त्यांना वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

गणपतीत बसून गोष्ट सांगायला कोणालाच वेळ नसतो, तेव्हा फक्त कान उघडे ठेवायला सांगा. गुरुजी मूर्तीच्या पूजेच्या आधी कलशाची पूजा करतात, त्या श्लोकात येतं ‘कुक्षौ तु सागराः सर्वे’, म्हणजे या तांब्याच्या पोटात सगळे समुद्र आहेत. मग शंखाची पूजा, ‘त्वं पुरा सागरोत्पन्नो’, तू पूर्वी समुद्रातून आलास. मी मुलांना आधी हे दोन तुकडे पाठ करून घेते आणि पैज लावते की पूजेत ऐकू आले की माझ्याकडे बघायचं. दरवर्षी जे पोर गुरुजींच्या मागे कंटाळून बसायचं ते टक लावून ऐकतं. हा माझ्या मते या सगळ्या पद्धतीतला सगळ्यात कामाचा भाग आहे, कारण ज्या तांब्यातून रोज पाणी पितो त्यात सगळे समुद्र आहेत हे एकदा डोक्यात बसलं की ते पोर कलशाकडे कायमचं वेगळ्या नजरेने बघतं. विसर्जनाच्या दिवशी अजून एक, पाटावर थोडी वाळू किंवा माती घेऊन घरी का येतात ते विचारा. ठाण्यात आता बरीच विसर्जनं कृत्रिम तलावात होतात, तरी पाट रिकामा आणायचा नाही ही रीत घरोघरी टिकून आहे. पाण्याला दिलं की पाण्याकडून काहीतरी परत घेऊन यायचं.

पितृपक्षात लोक शुभ काही करत नाहीत, गोष्टी मात्र याच पंधरवड्यात सगळ्यात चांगल्या आहेत. एक सलग साखळी सांगा. कालेय नावाचे असुर दिवसा समुद्रात लपायचे आणि रात्री बाहेर येऊन ऋषींना मारायचे, तेव्हा देवांनी अगस्त्यांना विनवलं आणि त्यांनी अख्खा समुद्र पिऊन टाकला. असुर उघडे पडले, मारले गेले. मग देव म्हणाले आता पाणी परत सोडा, तर अगस्त्य म्हणाले ते पचलं. समुद्र रिकामा! इथे थांबा, उरलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी. दुसऱ्या दिवशी सगर राजा, त्याचे साठ हजार मुलगे, हरवलेला यज्ञाचा घोडा, घोडा शोधत त्यांनी खणलेली पृथ्वी, कपिलमुनींच्या नजरेने झालेली राख. मग अंशुमान, दिलीप, भगीरथ, तीन पिढ्या खपल्या तेव्हा गंगा खाली आली, राखेवरून वाहिली आणि रिकामा समुद्र भरला. सगरावरून सागर. मुलांना सांगा की आजोबा तर्पणाला ओंजळीत पाणी घेतात ना, तेच भगीरथाने केलं, त्याची ओंजळ मोठी होती. माझ्या सासऱ्यांचं तर्पण बघून आमच्या वरच्या मजल्यावरच्या मुलीने विचारलं होतं, काकू एवढ्याशा पाण्याने त्यांना पुरतं का, त्या दिवशी हीच गोष्ट तिला सांगितली.

याच दिवसांत और्वाची गोष्टही बसते, ही फार कमी घरांत सांगितली जाते आणि सांगायलाच हवी. भृगुकुळातल्या लोकांची कत्तल झाली, गर्भातली मुलंसुद्धा सोडली नाहीत, एका आईने आपला गर्भ मांडीत लपवला, म्हणून त्याचं नाव और्व. तो मोठा झाला तेव्हा त्याच्या रागाने सगळं जग जळायला लागलं. तेव्हा त्याचे पितर आले आणि म्हणाले जग जाळू नकोस. तो म्हणाला हा राग मी गिळला तर तो मला जाळेल. तर पितर म्हणाले, समुद्रात ठेव. तो अग्नी घोड्याच्या तोंडाचा होऊन समुद्राच्या तळाशी अजून पाणी पीत बसलाय, तो वडवानल, आणि म्हणूनच एवढ्या नद्या येऊनही समुद्र ओसंडत नाही. शाळेतून चिडून आलेल्या मुलाला ही गोष्ट सांगून बघा. राग खोटा आहे असं त्यात कोणीच म्हणत नाही, फक्त तो कुठे ठेवायचा ते सांगतात.

दसऱ्याला सेतू. रामाने तीन रात्री दर्भावर पडून समुद्राची विनवणी केली, तो आला नाही, मग रामाने धनुष्य उचललं. तेव्हा समुद्र हात जोडून वर आला आणि जे म्हणाला ते नीट सांगा: खोल असणं, पार न होणं हा माझा स्वभाव आहे, पृथ्वी, वारा, आकाश, तेज जसे आपल्या स्वभावाने राहतात तसा मी राहतो. स्वभाव सोडला नाही पण वाट दिली, नलाला बांधायला सांग, मी धरून ठेवतो. आणि चढवलेला बाण फुकट जात नाही म्हणून तो समुद्रानेच दाखवलेल्या उत्तरेकडच्या जागी सोडला, तिथे वाळवंट झालं. हिशोब पण करून घ्या, वाल्मीकींनी पाच दिवसांचं काम दिलंय, चौदा, वीस, एकवीस, बावीस, तेवीस योजनं, बेरीज शंभर येते का बघा. काम रोज वाढत गेलं हे मुलं स्वतःच शोधतात.

आता मंथन, दसरा ते कोजागरी हे पाच दिवस.

पहिल्या दिवशी कारण. दुर्वासांनी दिलेली माळ इंद्राने हत्तीच्या डोक्यावर टाकली, हत्तीने पायाखाली तुडवली, शाप मिळाला आणि लक्ष्मी निघून गेली. मिळालेलं नीट न धरल्यामुळे गेलं, आणि परत हवं तर तळापासून घुसळावं लागलं. दुसऱ्या दिवशी टेरेसवर दोरी, एक बाजू देव एक बाजू असुर, मध्ये पाण्याचा ड्रम. भागवतात असं आहे की देव आधी वासुकीच्या तोंडाकडे गेले, असुरांना शेपूट धरणं कमीपणाचं वाटलं, त्यांनी हट्टाने तोंड घेतलं, आणि मग त्या सापाच्या धगधगत्या श्वासाने तेच भाजून निघाले. कोण कुठल्या बाजूला यावर पोरं भांडतात, भांडू द्या, गोष्ट तीच आहे. तिसऱ्या दिवशी आठवडाभराची साय विरजून ठेवलेली घ्या आणि प्रत्येकाला रवी फिरवायला द्या. आधी फेस येतो, मग बराच वेळ काहीच होत नाही, हात दुखतात, ऑक्टोबरची गरमी असते म्हणून लोणी सुटतच नाही, बर्फाचं पाणी घालावं लागतं. जेव्हा सगळे म्हणतात बस झालं आता, तेव्हा विषाची गोष्ट सांगा. भागवतात सगळ्यात आधी हालाहलच वर येतं. शंकर ते गळ्यात धरतात, गिळत नाहीत आणि थुंकतही नाहीत, आणि हातातून थोडं सांडलं ते विंचू-सापांनी आणि विषारी झाडांनी घेतलं. त्याच समुद्रात विष होतं आणि अमृतही होतं, दोन वेगळे समुद्र नव्हते. यावर जरा गप्प बसा, मुलांना बोलू द्या, तोपर्यंत लोण्याचे कण दिसायला लागतात.

एक प्रश्न नक्की येणार, त्याची तयारी ठेवा. असुरांनी पण तेवढंच ओढलं ना, मग त्यांना अमृत का नाही? हे टाळू नका आणि असुर वाईट म्हणून असं तर अजिबात सांगू नका, मुलांना ते पटत नाही आणि पुराणातही इतकं सोपं नाही. बळीला उच्चैःश्रवा घोडा मिळाला होता हे सांगा, अमृताचा कलश असुरांनी आधी हिसकावला होता हे पण सांगा, आणि मोहिनीने फसवलं हेही सांगा. माझ्यापुरतं मी म्हणते की मलाही हा भाग टोचतो. याचं पुढचं उत्तर तुळशीच्या लग्नाला येतं, तोपर्यंत प्रश्न तसाच राहू द्या. मंथनातून निघालेली सुरा म्हणजे काय असं विचारलं तर दारू म्हणून सांगून टाका, कुजबुजलात तर तेवढंच लक्षात राहील.

कोजागरीला दूध आटवताना पातेल्यात चंद्र दाखवा. दुधात चंद्र, म्हणजे क्षीरसागरात चंद्र, याच्यापुढे बोलायची गरजच नाही. लक्ष्मी आई, तिच्याबरोबर त्याच समुद्रातून आलेला म्हणून चंद्र तिचा भाऊ, आणि आईचा भाऊ तो मामा, म्हणून चांदोमामा. हे आमच्या आईने मला सांगितलं होतं.

मग दिवाळी. वसुबारसेला कामधेनू, धनत्रयोदशीला धन्वंतरी हातात अमृताचा कलश घेऊन, नैवेद्याला धणे-गूळ, आणि अमावस्येला लक्ष्मी. विष्णुपुराणातला क्रम बघा, चंद्र, मग विष, मग धन्वंतरी, मग शेवटी कमळावर लक्ष्मी. कोजागरी, धनत्रयोदशी, लक्ष्मीपूजन हे तिन्ही त्याच क्रमाने येतात. फक्त गाय त्या पुराणात सगळ्यांच्या आधी येते. मी पहिल्यांदा हे कॅलेंडरवर बोट ठेवून बघितलं तेव्हा अंगावर काटा आला होता. लक्ष्मीपूजनाला समुद्राकडे बाप म्हणून बघायला सांगा, त्याने मुलीला कधीच न कोमेजणारी कमळाची माळ देऊन पाठवलं. एक माळ तुडवली म्हणून गेलेली लक्ष्मी दुसरी माळ घालून परत आली. काही घरांत मिठालाही लक्ष्मी म्हणतात, सांडू देत नाहीत, ते त्या दिवशी ताटात चिमूटभर ठेवून दाखवा.

शेवट तुळशीच्या लग्नाला, कार्तिकी एकादशीनंतर, विष्णू उठलेले असतात. वृंदेचा, म्हणजे आपल्या तुळशीचा, नवरा जालंधर हा समुद्राचा मुलगा. तो मोठा झाल्यावर त्याला मंथनाबद्दल कळलं आणि त्याने इंद्राला निरोप पाठवला, माझ्या बापाचं घुसळून नेलेलं सगळं परत कर. चार महिने ज्या गोष्टीत देवांच्या बाजूने बसलो ती अचानक समुद्राच्या घरातून दिसते, आणि असुरांचं काय हा लटकलेला प्रश्न पण तिथे येऊन बसतो. वृंदेला विष्णूंनी फसवलं आणि तिने शाप दिला एवढं लहानांना पुरे, बाकी मोठे झाल्यावर.

आणि मंगलाष्टकं. ‘लक्ष्मीः कौस्तुभपारिजातक’ ने सुरू होणारं जे आपण प्रत्येक लग्नात ऐकतो ती चौदा रत्नांचीच यादी आहे: लक्ष्मी, कौस्तुभ, पारिजातक, सुरा, धन्वंतरी, चंद्र, कामधेनू, ऐरावत, रंभा वगैरे अप्सरा, सात तोंडांचा घोडा, विष, विष्णूचं धनुष्य, शंख, अमृत. मंगल कार्यात विषाचं नाव सुद्धा घेतात, वगळत नाहीत. आदल्या दिवशी हे मोठ्या अक्षरात प्रिंट काढून सोसायटीच्या तुळशीजवळ लावा, प्रत्येक मुलाला एकेक रत्न वाटून द्या आणि आपलं नाव आलं की अक्षता टाकायच्या असं ठरवा. मुलं चौदा नसतील तर एकेकाला दोन द्या. विष कोणाचं ते मात्र चिठ्ठी टाकून आधीच ठरवून ठेवा, ते सगळ्यांनाच हवं असतं.